गंगाधरपंतांचे पानिपत : पर्यायी इतिहास आणि बहिष्कृतांचा काळ

मराठी विज्ञानकथेकडे दलित साहित्याच्या समीक्षेने आजवर फारसे वळून पाहिलेले नाही. त्याची कारणे समजण्यासारखी आहेत. ज्यांना गावच्या पाणवठ्यावर हक्क सांगण्यासाठी पिढ्या खर्ची घालाव्या लागल्या, त्यांनी परग्रहावरच्या माणसाची चिंता कशासाठी करावी, असे आपल्याला वाटत आले. बाबुराव बागुलांचा ‘जेव्हा मी जात चोरली होती’ हा कथासंग्रह १९६३ साली आला, नामदेव ढसाळांचा ‘गोलपिठा’ १९७२ साली, दया पवारांचे ‘बलुतं’ १९७८ साली. हे सारे लेखन भोगलेल्या वास्तवाच्या बळावर उभे राहिले आणि त्याने मराठी वाङ्मयाचा नकाशा बदलला. कल्पिताला तेथे दुय्यम स्थान मिळाले, ते त्या काळाच्या गरजेनुसार योग्यच होते. पण यामुळे एक प्रांत आपण प्रस्थापितांच्या हाती बिनविरोध सोडून दिला. तो प्रांत म्हणजे ‘असे घडले असते तर?’ हा प्रश्न. इतिहास कसा घडला हे सांगण्याचा मक्ता जसा काहींनी आपल्याकडे ठेवला, तसाच तो कसा घडू शकला असता याची स्वप्ने पाहण्याचा मक्ताही त्यांच्याकडेच राहिला. म्हणून या प्रांतातील एका प्रसिद्ध कथेचा येथे विचार करावयाचा आहे.

ती कथा म्हणजे जयंत नारळीकरांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’. नारळीकर १९७२ साली केंब्रिजहून परतून कुलाब्याच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आले. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी टोपणनावाने ‘कृष्णविवर’ ही कथा पाठवली आणि तिला बक्षीस मिळाले. पुढे गिरगावच्या मौज प्रकाशनाने ‘यक्षांची देणगी’ हा त्यांचा संग्रह काढला, १९७९ साली. आपली ही कथा त्याच संग्रहातली. तिचे इंग्रजी रूप अकरावीच्या पाठ्यपुस्तकातही गेले, म्हणजे आपली मुले ती परीक्षेसाठी वाचतात. २० मे २०२५ रोजी नारळीकरांचे पुण्यात निधन झाले. फलज्योतिषाविरुद्ध उघड भूमिका घेणारा आणि विज्ञान मराठीत आणण्यासाठी आयुष्यभर राबलेला हा माणूस आपला शत्रू नव्हे, हे आरंभीच स्पष्ट केले पाहिजे. त्यांच्या कथेशी वाद घालणे म्हणजे त्यांच्या विवेकनिष्ठेला नाकारणे नव्हे. त्यांनी दिलेलीच फूटपट्टी त्यांच्या कथेला लावण्याचा हा प्रयत्न आहे.

२

कथेचा गाभा असा. गंगाधरपंत गायतोंडे हे पुण्याचे इतिहासाचे प्राध्यापक. पानिपतचा निकाल उलटा लागला असता तर काय झाले असते, या विचारात असताना त्यांना एका ट्रकची धडक बसते आणि ते दुसऱ्याच एका जगात जाऊन पडतात. या जगात १४ जानेवारी १७६१ रोजी विश्वासरावांना लागलेली गोळी थोडक्यात हुकली आहे. मराठे पानिपत जिंकले आहेत. अब्दाली हटला, पेशवाई टिकली, कंपनी सरकारचा पसारा देशभर झाला नाही. मुंबई मात्र इंग्रजांकडेच राहिली. गंगाधरपंत आगगाडीने या मुंबईत येतात. हॉर्नबी रोडवरून चालतात, फोर्ब्स इमारतीत आपल्या मुलाची चौकशी करतात, तर त्या नावाचा कोणी तेथे नाही. मग टाऊन हॉलमधल्या एशियाटिक ग्रंथालयात बसून ते स्वतःच लिहिलेल्या इतिहासाचे खंड वाचतात आणि दोन जगांच्या वाटा कोठे फुटल्या ते शोधून काढतात. संध्याकाळी आझाद मैदानावर एक व्याख्यान चालू असते. व्यासपीठावरची अध्यक्षाची खुर्ची रिकामी दिसते. पंत जाऊन तीत बसतात. पण या जगातल्या श्रोत्यांनी अध्यक्ष नावाची संस्था केव्हाच मोडीत काढलेली असते. लोक खवळतात, वस्तू फेकून मारतात आणि गर्दीत पंत दिसेनासे होतात. शुद्धीवर येतात ते आपल्या जुन्या जगात. पुरावा म्हणून खिशात उरते बखरीचे एक फाटके पान. मग त्यांचे शास्त्रज्ञ मित्र राजेंद्र देशपांडे त्यांना कॅटॅस्ट्रॉफी थिअरी आणि पुंजवादाच्या आधारे समजावून देतात की, वास्तव एकच असते असे नाही. इलेक्ट्रॉनच्या अनेक अवस्था शक्य असतात, तशी जगेही अनेक असू शकतात.

कलाकृती म्हणून ही कथा घट्ट बांधलेली आहे. थोड्या पानांत तिने एक अवघड कल्पना सामान्य वाचकाच्या घरात नेऊन पोचवली. परंतु आशयाच्या दृष्टीने तिच्यापुढे काही प्रश्न ठेवणे भाग आहे, आणि पहिला प्रश्न वर्गातल्या कोणत्याही विद्यार्थ्याला सुचणारा आहे : त्या जिंकलेल्या जगात आपली वस्ती कोठे आहे?

३

यावर कोणी म्हणेल की, ही छोटी विज्ञानकथा आहे, तिच्याकडे समाजशास्त्र कशाला मागता? आक्षेप वरवर रास्त वाटतो. पण ही कथा समाजाकडे पाहतच नाही, असे नाही. ती रस्त्यावरच्या पाट्या पाहते, दुकाने आणि बँका पाहते, स्टेशनची स्वच्छता पाहते, रेल्वेत कोणत्या समाजाचे लोक नोकरीला आहेत तेही पाहते. दिल्लीचा बादशहा नामधारी झाला, पुढे देशात लोकशाही आली, पेशव्यांनी विज्ञानाला आश्रय दिला, हे सारे ती नोंदवते. ज्या नजरेला इतके दिसते, तिला पुण्याच्या वेशीबाहेर काय चालले आहे ते दिसत नाही. ही नजर लेखकाच्या दुष्टपणाची नव्हे. ती ज्या ग्रंथालयात घडली त्या ग्रंथालयाची आहे. पंत आपल्याच पाच खंडांत शोध घेतात, आणि त्या खंडांत लढाया, तह आणि तख्ते आहेत. पाणवठा त्यांच्या इतिहासाचा विषयच नव्हता. मग पर्यायी इतिहासात तो कोठून येणार?

जिंकलेल्या पेशवाईत काय झाले असते, याचा अंदाज बांधायला पुंजवादाची गरज नाही. पानिपतानंतर पेशवाई ५७ वर्षे चालली. थोरल्या माधवरावांनी गेलेले बरेचसे परत मिळवले. १७९५ साली खर्ड्याच्या लढाईत मराठ्यांनी निजामाचा पराभव केला. म्हणजे जिंकलेल्या लढाईचा नमुना आपल्यापाशी आहे. त्याच खर्ड्याच्या छावणीत शिदनाक महाराच्या तंबूवरून वाद झाला, अशी आख्यायिका परंपरेने जपली आहे : लढायला तो चालत होता, इतरांच्या तंबूंशेजारी त्याचा तंबू चालत नव्हता. विजयाने तंबूचा प्रश्न सुटला नाही. दिल्लीवर जरीपटका फडकला असता म्हणून गावकुसाची भिंत पडली असती, असे मानायला कोणता आधार आहे?

काळाची गोष्ट निघाली आहे, म्हणून काळाविषयीचाच एक दाखला देतो. समाजशास्त्रज्ञ गो. स. घुर्ये यांनी जातिसंस्थेवरील १९३२ च्या ग्रंथात नमूद केले आहे की, पेशवाईत महार-मांगांना दुपारी तीननंतर आणि सकाळी नऊच्या आत पुण्याच्या वेशीत येऊ देत नसत. कारण त्या वेळी माणसाची सावली लांब पडते आणि ती कोणा उच्चवर्णीयावर पडू शकते. बाबासाहेबांनीही ‘जातिनिर्मूलना’च्या १९३६ च्या भाषणात पेशवाईतील कमरेचा झाडू आणि गळ्यातले मडके यांचा उल्लेख केला आहे. आईनस्टाईनने सांगितले की, काळ सर्वांसाठी सारखा धावत नाही, गतीप्रमाणे आणि गुरुत्वाकर्षणाप्रमाणे तो बदलतो. पुण्याच्या वेशीवर तो जातीप्रमाणे बदलत होता. एकाच सूर्याखाली एका माणसाचा दिवस पूर्ण होता आणि दुसऱ्याचा दिवस सकाळी नऊ ते दुपारी तीन एवढाच होता. काळाची ही विसंगती कोणा विज्ञानकथाकाराने कल्पिलेली नाही.

४

आता कथेतल्या मुंबईकडे येऊ. पंत ज्या हॉर्नबी रोडवरून चालतात, तो आपल्या जगात दादाभाई नौरोजी रोड आहे. याच रस्त्यावर सिद्धार्थ महाविद्यालयाची इमारत उभी आहे. पीपल्स एज्युकेशन सोसायटी १९४५ साली स्थापन झाली आणि सिद्धार्थ महाविद्यालय १९४६ साली सुरू झाले. दिवसा नोकरी करून शिकू पाहणाऱ्या किती जणांना त्या जिन्याने पदवीपर्यंत नेले, हे या नियतकालिकाच्या वाचकांना सांगायला नको. पंतांना त्या रस्त्यावर विलायती दुकाने आणि बँका दिसल्या. सिद्धार्थ महाविद्यालय दिसले नाही, आणि ते नाही हेही जाणवले नाही. आपला मुलगा नाही, हे त्यांना ताबडतोब कळले. माणसाला ज्याची उणीव भासते त्यावरून त्याचे जग किती मोठे आहे ते कळते.

त्या मुंबईत परळ असते का? गिरण्या असत्या तर असते. पण १९२४ साली परळच्या दामोदर हॉलमध्ये बहिष्कृत हितकारिणी सभेचे काम सुरू झाले असते का? परळच्या बी. आय. टी. चाळीत राहून कोणी कोलंबियाची आणि लंडनची पदवी घेऊन आला असता का? दादरच्या हिंदू कॉलनीत ग्रंथांसाठी बांधलेले राजगृह असते का? १९५८ साली दादरला पहिले दलित साहित्य संमेलन भरले आणि अण्णा भाऊ साठ्यांनी त्याचे उद्घाटन केले, ते भरले असते का? या प्रश्नांची उत्तरे ‘हो’ किंवा ‘नाही’ अशी देता येणार नाहीत. तथापि प्रश्न विचारलेच गेले नाहीत, ही गोष्ट गंभीर आहे.

येथे उलट बाजूच्या एका भ्रमापासूनही सावध राहिले पाहिजे. पंतांचे जग नाकारताना कंपनी सरकारच आपला त्राता होते, असे म्हणण्याचा मोह आपल्यातल्या काहींना होतो. १ जानेवारी १८१८ ची कोरेगावची लढाई आणि तिथल्या स्तंभावरची ‘नाक’ प्रत्ययाची नावे आपल्या स्वाभिमानाची खूण आहेत. बाबासाहेब १ जानेवारी १९२७ रोजी तेथे गेले ते त्यासाठीच. पण ज्या सरकारने ती नावे दगडावर कोरली, त्याच सरकारने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस महारांची सैन्यभरती बंद केली आणि गोपाळबाबा वलंगकरांना अर्ज लिहावे लागले. मुंबईच्या गिरण्यांत साहेबांचे राज्य असूनही अस्पृश्य कामगाराला विणकाम खात्यात प्रवेश नव्हता, कारण धोट्यातला दोरा तोंडाने ओढावा लागे आणि त्याने सवर्ण कामगार बाटत असे. हा प्रश्न १९२८ च्या सार्वत्रिक संपाच्या वेळी बाबासाहेबांनी मांडला. तेव्हा लालबाग-परळच्या एकाच गिरणीत, एकाच भोंग्यावर येणाऱ्या कामगारांमध्येही दोन जगे होती. एक मागाजवळ जाऊ शकत होते, दुसरे नाही. ती दोन जगे एका गोळीने निर्माण झाली नव्हती आणि राज्यकर्ता बदलल्याने ती एक झाली नाहीत.

कथेच्या तत्त्वज्ञानाशी माझा खरा मतभेद येथे आहे. गोळी तीळभर हुकते आणि इतिहास दुसरी वाट धरतो, या कल्पनेत इतिहास हा अपघातांचा खेळ होतो. सेनापती वाचला की राज्य वाचते, मग यथावकाश लोकशाही येते, विज्ञान येते. जणू हवापालट व्हावा तशी ती येते. आपल्या जगात लोकशाही अशी आली नाही. १९१९ ची साऊथबरो समितीपुढील साक्ष, १९२३ चा सी. के. बोल्यांचा मुंबई कायदेमंडळातील ठराव, तो कागदावरच राहिला म्हणून १९२७ चे महाड, गोलमेज परिषदा, १९३२ चा पुणे करार, संविधान सभेतील रात्रंदिवसाचे श्रम, अशी एकेक पायरी खोदावी लागली. ठराव झाला तो मुंबईच्या कायदेमंडळात आणि पाण्याला ओंजळ लावावी लागली ती चवदार तळ्यावर. या दोहोंमधली चार वर्षे कोणत्याही गोळीने मिटवली नसती. जोतीराव-सावित्रीबाईंनी १८४८ साली पुण्यात शाळा काढली तेव्हा पेशवाई बुडून ३० वर्षे झाली होती, तरी अंगावर शेण आलेच. राज्य गेले होते, व्यवस्था शाबूत होती. इतिहासाची वाट फुटते ती रणांगणावर एका क्षणात, असे ज्याला वाटते त्याने ही ३० वर्षे आणि ती चार वर्षे मोजून पाहावीत.

५

एवढे म्हटल्यावरही या कथेत एक जागा अशी आहे की तिच्यासाठी नारळीकरांचे ऋण मान्य केले पाहिजे. ती जागा म्हणजे आझाद मैदानावरची रिकामी खुर्ची. पंतांना ती दिसते आणि ते सहज जाऊन बसतात. आपल्याला कोणी बोलावले आहे का, ही कोणाची जागा आहे, असा विचार त्यांच्या मनाला शिवत नाही. रिकामी खुर्ची दिसली की ती आपल्यासाठीच आहे, ही खात्री एका जन्मात येत नाही. ती पिढ्यांच्या सवयीने अंगात मुरते. आपल्या समाजातला पहिल्या पिढीचा पदवीधर अशा खुर्चीपाशी आला तर उभा राहतो, मागे पाहतो, कोणी उठवणार तर नाही ना हे ताडून घेतो. पंतांचे पानिपत या खुर्चीत होते. लोकांनी खुर्चीची परंपरा मोडली आहे हे त्यांना ठाऊक नाही, आणि ठाऊक करून घेण्याची त्यांना गरजही वाटली नाही. लेखकाला येथे विनोद अभिप्रेत असेल, पण विनोदाच्या आडून त्याने एक सत्य सांगितले आहे : काळातला प्रवास धोक्याचा ठरतो तो आपली जुनी जागा सोबत घेऊन गेलेल्या माणसाला.

धोक्याचा विचार पुढे नेण्यासाठी एक तुलना उपयोगी पडेल. ‘यक्षांची देणगी’ ज्या १९७९ साली आली, त्याच साली अमेरिकेत ऑक्टेव्हिया बटलर या कृष्णवर्णीय लेखिकेची ‘किंड्रेड’ ही कादंबरी प्रसिद्ध झाली. तिची नायिका डॅना ही १९७६ सालच्या कॅलिफोर्नियात राहणारी कृष्णवर्णीय लेखिका. ती एकाएकी खेचली जाते आणि एकोणिसाव्या शतकातल्या मेरीलँडमधील गुलामांच्या मळ्यावर जाऊन पडते. एकदा नव्हे, पुनःपुन्हा. मळ्याच्या गोऱ्या मालकाचा मुलगा रूफस हा तिचाच पूर्वज. तो जगला तरच तिचा वंश जन्माला येणार, म्हणून अत्याचाऱ्याला वाचवण्याचे काम तिच्यावर येते. तिचा गोरा नवरा एकदा तिच्याबरोबर त्या काळात जातो, तेथे पाच वर्षे अडकून पडतो, पण गोऱ्या कातडीमुळे माणूस म्हणून वावरू शकतो. डॅना मात्र त्या जमिनीवर पाय टाकताच गुलाम ठरते. शेवटच्या खेपेला ती परत येते तेव्हा तिचा एक हात भिंतीत राहून जातो.

दोन्ही कृतींत काळ फाटतो. दोन्हींत विद्वान माणूस त्या फटीतून पलीकडे जातो. पण गंगाधरपंत बखरीचे पान घेऊन परततात आणि डॅना हात गमावून परतते. पंतांच्या प्रवासाचा पुरावा कागदावर आहे, डॅनाचा तिच्या देहावर. हा फरक दोन लेखकांच्या प्रतिभेचा नाही. भूतकाळ ज्यांच्या मालकीचा होता त्यांना तो ग्रंथालयासारखा भासतो, आणि ज्यांच्यावर तो लादला गेला त्यांना तो मळ्यासारखा, वेठीसारखा भासतो. पुण्याहून निघालेल्या त्याच गाडीत गंगाधरपंतांच्या जागी एखादी दलित प्राध्यापिका असती, आणि ती विजयी पेशव्यांच्या पुण्यात दुपारी साडेतीन वाजता उतरली असती, तर? कथा तेथून सुरू झाली असती. एशियाटिकच्या पायऱ्यांपर्यंत पोचण्याआधीच तिला वेशीवर तिची जात विचारली गेली असती.

६

समांतर विश्वांची कल्पना आपल्याला नवी नाही. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत बाबासाहेबांनी जो इशारा दिला त्याचे सार असे की, २६ जानेवारीपासून आपण विसंगतींच्या जीवनात प्रवेश करीत आहोत : राजकारणात समता, सामाजिक व आर्थिक जीवनात विषमता. एकाच देशात, एकाच क्षणी, परस्परांना छेद देणारी दोन जगे असल्याचे हे निदान होते, आणि ही विसंगती लवकर दूर न केल्यास राजकीय लोकशाहीचा डोलारा कोसळेल असा धोका त्यांनी त्याच वेळी दाखवला होता. ‘काळाची घातक विसंगती’ या शब्दांना यापेक्षा नेमका अर्थ कोणता?

या शहरात ती विसंगती रोज दिसते. १९७४ साली एका मुंबईत मराठी विज्ञानकथा कृष्णविवराचा वेध घेत होती. त्याच जानेवारीत दुसऱ्या मुंबईत वरळीच्या बी. डी. डी. चाळी पेटल्या होत्या आणि परळला मोर्चावर घातलेल्या दगडामुळे पँथर भागवत जाधव यांचा बळी गेला होता. १९८२ च्या संपानंतर गिरणगावचे भोंगे थांबत गेले. गिरण्यांच्या जागेवर काचेचे मनोरे उठले आणि त्यांच्या पायथ्याशी चाळी उभ्या राहिल्या. हाताने मैला साफ करण्याच्या प्रथेवर बंदी घालणारे कायदे १९९३ आणि २०१३ साली झाले. कायद्याच्या पुस्तकात एकविसावे शतक आहे, पण गटारात उतरलेला माणूस कोणत्या शतकात गुदमरून मरतो? २०१८ साली कोरेगावच्या द्विशताब्दीच्या दिवशी तेथे हिंसाचार झाला. दोनशे वर्षांपूर्वी संपलेली पेशवाई कोणाच्या मनात अजून संपलेली नाही, याची ती साक्ष होती.

म्हणून पर्यायी इतिहासाला आपण केवळ मनोरंजन समजू नये. हरलेल्या तख्ताची हळहळ ज्या कथेतून पसरते, ती वाचकाच्या मनात एक इच्छा पेरते, आणि इच्छा पुढे राजकारणात उतरते. नारळीकरांच्या कथेचा हेतू तसा नव्हता. तिच्यातला इतिहास लोकशाहीकडे जातो. पण तिच्या जिंकलेल्या जगात आपण नसणे कोणाला खटकले नाही, हे मराठी समीक्षेचेही अपयश आहे.

या अपयशावर तक्रारीचा उपाय चालणार नाही. कथा लिहाव्या लागतील. आत्मकथनाने आपल्याला झालेल्या काळावर हक्क मिळवून दिला. न झालेल्या काळावरचा हक्क अजून मिळवायचा आहे. पुणे करारावर सही झालीच नसती तर? १९२८ साली विणकाम खात्याचे दार एका रात्रीत उघडले असते तर लालबागचा कामगार लढा कोणत्या वाटेने गेला असता? हिंदू कोड बिल १९५१ साली मंजूर झाले असते तर? हे प्रश्न आपल्या तरुण लेखकांनी हाती घ्यावेत, विज्ञान शिकलेल्यांनी विशेषकरून घ्यावेत. मात्र लिहिताना एक पथ्य पाळावे. आपल्या पर्यायी जगातही कोणी तरी वेशीबाहेर राहिले आहे का, एखादी स्त्री, एखादा भटका, आपल्यापेक्षाही खालचा ठरवलेला एखादा समूह, हे तपासून पाहावे. जो प्रश्न आपण गंगाधरपंतांना विचारतो आहोत, तो उद्या आपल्यालाही कोणी विचारील, आणि त्याला तो विचारण्याचा पूर्ण अधिकार असेल.